ॲनिमेची सुरुवात कुठून करावी: निवड, क्रम आणि स्वतःचे मत

ॲनिमे, म्हणजे जपानी ॲनिमेशन, पाहायला सुरुवात करू इच्छिणाऱ्या माणसाला सल्ल्यांची वाण कधीच पडत नाही. एक जण हजारावर भागांची मालिका हाती देतो, दुसरा सर्वांत गूढ चित्रपट सुचवतो, तिसरा ‘आधी हे पाहा, मग बोलू’ असे म्हणून चर्चाच बंद करतो. हे सगळे आपापल्या आवडीशी प्रामाणिक असतात. फक्त स्वतः पहिल्यांदा पाहायला बसलो तेव्हा काय कळत होते आणि काय नव्हते, याचा त्यांना विसर पडलेला असतो. परिणामी नवखा माणूस एखाद्या लांबलचक मालिकेच्या विसाव्या भागावर कंटाळून थांबतो आणि ‘हे आपल्यासाठी नाही’ असे ठरवून मोकळा होतो.

माझे सांगणे थोडक्यात असे आहे: सुरुवातीला लहान आणि पूर्ण झालेल्या कलाकृती निवडाव्यात, आणि कोणत्याही कलाकृतीविषयी इतरांचे मत वाचण्यापूर्वी स्वतःचे मत लिहून ठेवावे. खाली मी माझ्या आवडीनिवडी ठामपणे मांडल्या आहेत. त्यांच्याशी तुमचे पटावे असा आग्रह नाही; क्रम आणि सापळे यांविषयीचा भाग मात्र जरूर लक्षात घ्यावा.

लागणारे साहित्य

• एका अधिकृत स्ट्रीमिंग सेवेचे सभासदत्व. क्रंचीरोलवर प्रामुख्याने मालिका मिळतात, नेटफ्लिक्सवर मालिका आणि चित्रपट दोन्ही मिळतात. प्रत्येक देशातील यादी वेगळी असते, त्यामुळे पैसे भरण्याआधी हवी असलेली मालिका तेथे पहिल्या भागापासून शेवटच्या भागापर्यंत आहे की नाही, हे तपासावे. मधला एखादा सीझन गायब असणे ही नेहमीची गोष्ट आहे.
• चांगला हेडफोन. ॲनिमेमध्ये संगीत आणि शांतता या दोहोंवर बारकाईने काम केलेले असते आणि फोनच्या स्पीकरवर त्यातील निम्मे हरवते.
• मायॲनिमेलिस्ट किंवा ॲनिलिस्ट यांपैकी एका संकेतस्थळावरील खाते; त्याचा उपयोग केवळ भागांची संख्या, प्रदर्शनाचे वर्ष आणि पुढील-मागील कथांचा संबंध पाहण्यासाठी करावा. गुणांकनाविषयी पुढे लिहिले आहे.
• एक वही. तिचे काम सातव्या पायरीत येईल.

1. पहिली कलाकृती चित्रपटच असू द्या

चित्रपट एका बैठकीत संपतो, त्याचा शेवट दिग्दर्शकाने ठरवलेला असतो आणि आवडला नाही तर दोन तासांपलीकडे काही वाया जात नाही. यासाठी मी हायाओ मियाझाकी यांचा 2001 चा ‘स्पिरिटेड अवे’ सुचवतो. तो प्रसिद्ध आहे म्हणून नव्हे. बर्लिन महोत्सवाचे सुवर्ण अस्वल आणि ऑस्कर हे दोन्ही त्याला मिळाले, हे खरेच. पण नवख्या प्रेक्षकाला तो ॲनिमेची एक महत्त्वाची सवय अलगद लावतो: काहीच ‘घडत’ नसतानाही पाहत राहण्याची. चित्रपटाच्या उत्तरार्धात नायिका चिहिरो आगगाडीने प्रवास करते. रुळांवर पाणी पसरलेले आहे, डब्यातील इतर प्रवासी अर्धपारदर्शक सावल्यांसारखे आहेत, शेजारी काओनाशी हा मुखवटा घातलेला आत्मा हात मांडीवर ठेवून मुकाट्याने बसला आहे. स्थानके येतात, सावल्या उतरून जातात, बाहेर अंधारत जाते आणि चिहिरो समोर पाहत राहते. संवाद जवळजवळ नाही. हे दृश्य कंटाळवाणे वाटले तर स्वतःला दोष देऊ नका, पण ते पुढे ढकलूही नका. एका धावपळीच्या कथेत दिग्दर्शकाने एवढा वेळ या प्रवासाला का दिला असेल, हा प्रश्न मनात आला तरी पहिल्या दिवसाचे काम झाले.

त्यानंतर इसाओ ताकाहाता यांचा ‘ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज’ पाहण्याचा मोह अनेकांना होतो. तो थोर चित्रपट आहे. युद्धकाळातील दोन भावंडांची उपासमार तो इतक्या थेटपणे दाखवतो की तो पाहून झाल्यावर लगेच दुसरे काही पाहावेसे वाटत नाही. 1988 साली तो आणि मियाझाकींचा ‘माय नेबर टोटोरो’ एकाच तिकिटावर जोडीने दाखवले गेले होते. ही जोडी आजही करून पाहता येईल, परंतु ‘टोटोरो’ दुसरा पाहावा, एवढेच सुचवतो. ‘टोटोरो’मध्ये खलनायक नाही आणि तरीही शेवटच्या अर्ध्या तासात जीव टांगणीला लागतो, कथेला संघर्षच हवा असे मानणाऱ्यांनी तो अवश्य पाहावा.

माकोतो शिनकाई यांच्या 2016 च्या ‘युअर नेम’विषयी माझे मत थोडे वेगळे आहे. आकाश, पाऊस आणि शहरातील प्रकाश त्यांच्याइतके देखणे क्वचितच कोणी रंगवत असेल. मात्र कथेचे सांधे तपासायला बसलात तर ते खिळखिळे निघतात, आणि गाणी भावना निर्माण करण्याऐवजी तिची सूचना देत राहतात असे मला वाटते. त्याच वर्षीचा नाओको यामादा यांचा ‘अ सायलेंट व्हॉइस’ मी त्याच्या वर ठेवतो. त्यात पात्रांच्या चेहऱ्यांऐवजी त्यांच्या पायांवर आणि हातांवर कॅमेरा वारंवार थांबतो. ज्या मुलाला लोकांच्या नजरेला नजर देता येत नाही, त्याची ही कथा असल्यामुळे ती निवड शोभेची राहत नाही.

2. कोणासाठी बनवले आहे ते आधी पाहा

शोनेन, शोजो, सेइनेन आणि जोसेइ ही नावे तुम्हाला सर्वत्र दिसतील. मूळ कथा ज्या नियतकालिकात छापून आली ते कोणत्या वाचकांसाठी निघत होते, एवढेच ती सांगतात: अनुक्रमे किशोरवयीन मुले, किशोरवयीन मुली, प्रौढ पुरुष आणि प्रौढ स्त्रिया. त्यावरून कथा विनोदी आहे की भयकथा आहे हे कळत नाही आणि दर्जा तर मुळीच कळत नाही.

येथील सापळा वेगळाच आहे. चित्रे आहेत म्हणजे मुलांसाठी असेल, असे गृहीत धरून घरातील लहानांसमोर काहीही लावू नका. सातोशी कोन यांचा 1997 चा ‘पर्फेक्ट ब्लू’ हा निखळ प्रौढांसाठीचा मानसशास्त्रीय थरारपट आहे आणि त्यातील हिंसेची काही दृश्ये मोठ्यांनाही सोसत नाहीत. वयोमर्यादेची सूचना वाचूनच सुरुवात करावी. कोन यांचे 2010 साली वयाच्या 46 व्या वर्षी निधन झाले आणि त्यांनी पूर्ण केलेले चित्रपट चारच आहेत: ‘पर्फेक्ट ब्लू’, ‘मिलेनियम ॲक्ट्रेस’, ‘टोकियो गॉडफादर्स’ आणि ‘पॅप्रिका’. एका दिग्दर्शकाचे समग्र काम थोड्या दिवसांत पाहून त्याविषयी जबाबदारीने मत मांडण्याची अशी संधी फार थोड्या ठिकाणी मिळते. माझी पहिली पसंती ‘मिलेनियम ॲक्ट्रेस’ला आहे.

3. मग 11 ते 26 भागांची मालिका घ्या

जपानमध्ये मालिकांचे प्रसारण साधारण तीन महिन्यांच्या हप्त्यात होते आणि अशा एका हप्त्यात 11 ते 13 भाग बसतात. म्हणून 12, 24 किंवा 26 ही संख्या वारंवार दिसते. नवख्याने या मर्यादेतच राहावे. माझ्या यादीत वरच्या बाजूला तीन नावे आहेत.

‘काउबॉय बीबॉप’ (1998, 26 भाग) ही शिनइचिरो वातानाबे यांची मालिका बहुतेक भागांत स्वतंत्र गोष्ट सांगते आणि योको कान्नो यांचे जॅझ संगीत तिच्या कथेइतकेच महत्त्वाचे आहे. ‘मुशिशी’ (2005, 26 भाग) अत्यंत संथ आहे. गिन्को नावाचा भटका वैद्य गावोगाव फिरतो आणि माणसांना जडलेल्या अदृश्य जीवांचा उलगडा करतो. तिचे दोन भाग एका रात्रीत पाहू नयेत, रोज एकच पाहावा. सलग पाहिल्यास तिची चव बोथट होते. ‘पिंग पाँग द ॲनिमेशन’ (2014, 11 भाग) ही मासाआकी युआसा यांची मालिका पहिल्या दृष्टिक्षेपात कुरूप वाटते, कारण रेषा वेड्यावाकड्या आहेत आणि चेहरे सतत बदलतात. सामन्यांचा वेग डोळ्यांत भरू लागला की त्या रेषांशिवाय ही गोष्ट सांगता आली नसती, हे आपोआप पटते.

एखादी मालिका सोडण्यापूर्वी तिला किती भाग द्यावेत? ‘तीन भाग पाहा आणि ठरवा’ हा प्रेक्षकांमध्ये रूढ झालेला नियम आहे. ‘मादोका मॅजिका’ (2011, 12 भाग) या मालिकेला तो अगदी चपखल बसतो, कारण तिचा खरा स्वभाव तिसऱ्या भागाच्या शेवटी उघड होतो. परंतु ‘स्टाइन्स गेट’ (2011, 24 भाग) या मालिकेला हा नियम लावला तर ती वाया जाते. तिचा सुमारे निम्मा भाग गप्पा, विक्षिप्तपणा आणि रेंगाळलेले प्रयोग यांत जातो, आणि उत्तरार्धाचा आघात याच रेंगाळण्यावर उभा आहे. म्हणून मी असे करतो: प्रत्येक भागात वेगळी गोष्ट असेल तर कोणतेही दोन भाग पुरेत, सलग कथा असेल तर एकूण भागांपैकी चौथा हिस्सा पाहावा, आणि एखाद्या विश्वासू माणसाने ‘मध्यापर्यंत थांब’ असे कारण देऊन सांगितले असेल तर थांबावे. कारण न देता कोणी तसे सांगत असेल तर थांबू नये.

4. पाहण्याचा क्रम आधी लिहून काढा

नवख्यांचा सर्वाधिक गोंधळ येथे होतो, म्हणून हा भाग सविस्तर देतो.

‘निऑन जेनेसिस इव्हँजेलियन’: हिदेआकी आन्नो यांची 1995 साली सुरू झालेली 26 भागांची मालिका आधी पूर्ण पाहावी. तिचे शेवटचे दोन भाग जवळजवळ पूर्णपणे पात्रांच्या मनात घडतात आणि अनेक प्रेक्षक तेथे हतबुद्ध होतात. त्यानंतर 1997 चा ‘द एंड ऑफ इव्हँजेलियन’ पाहावा. त्याच वर्षीचा ‘डेथ अँड रीबर्थ’ हा मुख्यतः आधीच्या दृश्यांचे संकलन असल्यामुळे वगळता येतो. 2007 ते 2021 या काळात आलेले चार नवे चित्रपट मालिकेची बदली नव्हेत. ते जुन्या कामाशी वाद घालत पुढे जातात, त्यामुळे ते सर्वांत शेवटी.

‘फुलमेटल अल्केमिस्ट’: या नावाच्या दोन मालिका आहेत. 2003 ची 51 भागांची मालिका सुरू झाली तेव्हा हिरोमु आराकावा यांची मूळ मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा, पूर्ण झालेली नव्हती, त्यामुळे ती मध्यानंतर स्वतःच्या वेगळ्या वाटेने जाते. 2009 ची ‘ब्रदरहूड’ ही 64 भागांची मालिका मूळ कथेशी इमान राखते. दोन्ही एकमेकींचे पुढील भाग नाहीत. एकच पाहायची असेल तर ‘ब्रदरहूड’ पाहावी; मात्र सुरुवातीच्या घटना ती घाईने उरकते आणि त्याच घटना 2003 च्या मालिकेत कितीतरी अधिक जिव्हारी लागतात, असे माझे मत आहे.

‘डीमन स्लेयर’: 2020 चा ‘मुगेन ट्रेन’ हा चित्रपट 2019 च्या 26 भागांनंतर थेट सुरू होतो. तो स्वतंत्र चित्रपट समजून पाहायला बसू नये.

‘मादोका मॅजिका’: 2012 चे पहिले दोन चित्रपट मालिकेचीच कथा पुन्हा सांगतात, 2013 चा तिसरा नवी कथा सांगतो. मालिका पाहिली असेल तर थेट तिसऱ्याकडे जावे.

‘काउबॉय बीबॉप’चा 2001 चा चित्रपट मालिकेच्या शेवटच्या भागांच्या आधीच्या काळात घडतो, पण मालिका संपवून पाहिला तरी काही बिघडत नाही. ‘घोस्ट इन द शेल’चा मामोरु ओशी यांनी दिग्दर्शित केलेला 1995 चा चित्रपट आणि 2002 ची ‘स्टँड अलोन कॉम्प्लेक्स’ मालिका यांची कथानके वेगळी आहेत. कोणतेही आधी चालेल.

सर्वसाधारण नियम असा की ज्या क्रमाने कलाकृती प्रदर्शित झाल्या त्याच क्रमाने पाहाव्यात. कथेतील काळानुसार क्रम लावण्याचा उत्साह दुसऱ्या वेळेसाठी राखून ठेवावा.

5. आवाजाची आणि सबटायटलची मांडणी तपासा

मूळ जपानी आवाज की डब, या वादात फार शक्ती घालवू नये. मी जपानी आवाज आणि सबटायटल निवडतो, कारण आवाज-कलाकाराची निवड हा दिग्दर्शनाचाच भाग असतो. तरीही वाचताना चित्राकडे दुर्लक्ष होत असेल तर डब पाहणे अधिक शहाणपणाचे आहे. ‘काउबॉय बीबॉप’चा इंग्रजी डब तर अनेक जाणकारही उचलून धरतात.

खरी अडचण दुसरीकडे आहे. काही ठिकाणी सबटायटलच्या यादीत एकाच भाषेचे दोन पर्याय असतात. त्यांपैकी एक जपानी संवादांचा अनुवाद असतो आणि दुसरा डबमधील संवाद जसेच्या तसे देणारा, श्रवणदोष असलेल्या प्रेक्षकांसाठीचा मजकूर असतो. जपानी आवाजाबरोबर हा दुसरा पर्याय लागला की पात्र एक शब्द बोलते आणि खाली दोन ओळी येतात, किंवा पात्र गप्प असतानाही मजकूर दिसतो. असे झाले की लगेच पर्याय बदलावा.

6. लांब मालिकांकडे हिशेब करून जा

‘नारुतो’चे 220 भाग आणि तिच्या पुढील ‘शिप्पुडेन’ मालिकेचे 500 भाग आहेत. एक भाग सुमारे 24 मिनिटांचा धरला तर केवळ ‘शिप्पुडेन’ला 200 तास लागतात. दर आठवड्याला प्रसारित होणारी मालिका मूळ मांगाच्या जवळ येऊन ठेपली की स्टुडिओला मांगामध्ये नसलेल्या कथा घालून वेळ काढावा लागतो. यांनाच फिलर म्हणतात. ‘नारुतो’च्या पहिल्या मालिकेत 136 व्या भागापासून पुढे बहुतांश असाच मजकूर आहे. फिलर भागांच्या याद्या सहज मिळतात, त्या वापरून हे भाग वगळण्यात कोणताही कमीपणा नाही. 1999 पासून सुरू असलेल्या ‘वन पीस’मध्ये तुलनेने फिलर कमी, परंतु पुढे पुढे एकेक प्रसंग इतका ताणलेला आहे की तेथे वगळायला स्वतंत्र भागच सापडत नाहीत. ती आवडली तर मांगा वाचणे हा उत्तम मार्ग आहे.

लांबीचे भय वाटत नसेल तर 2004 साली सुरू झालेली ‘मॉन्स्टर’ (74 भाग) निवडावी. नाओकी उरासावा यांच्या या कथेत एक शल्यविशारद ज्या मुलाचा जीव वाचवतो, तोच पुढे खुनी निघतो. मध्यंतरी ती विसावते, अनेक गौण पात्रांच्या घरी मुक्काम करते, पण भरती म्हणून घातलेला भाग तिच्यात मला आढळला नाही.

7. पाहून झाल्यावर, इतरांचे वाचण्याआधी, लिहा

वहीत चार-पाच ओळी पुरतात: कोणते दृश्य लक्षात राहिले, कोठे कंटाळा आला, कोणत्या पात्राचे वागणे पटले नाही. ‘भारी’ आणि ‘बकवास’ हे दोन शब्द वहीत येऊ देऊ नयेत, म्हणजे कारण शोधावेच लागते.

कारण शोधताना कोणाचे काम कोणते, याचे भान ठेवावे. पुष्कळ मालिकांमागे प्रकाशक, वाहिनी, संगीत कंपनी, खेळणी बनवणारी कंपनी अशा अनेकांची निर्मिती समिती असते आणि स्टुडिओला काम सोपवलेले असते. त्यामुळे ‘दुसरा सीझन का येत नाही’ किंवा ‘दर्जा का घसरला’ याचा राग प्रत्येक वेळी चित्रकारांवर काढणे अन्यायाचे आहे. ‘वन पंच मॅन’चा 2015 चा पहिला सीझन मॅडहाउसने केला आणि 2019 चा दुसरा जे. सी. स्टाफने, दिग्दर्शकही बदलला. दोन्हींतील मारामारी लागोपाठ पाहिली की फरक दिसतो, कथा मात्र त्याच लेखकाची आहे.

हालचाल कमी म्हणजे काम वाईट, असेही समजू नये. ‘इव्हँजेलियन’च्या 22 व्या भागात आसुका आणि रेइ या दोन मुली एका लिफ्टमध्ये उभ्या आहेत.  चित्र जवळजवळ मिनिटभर हलत नाही. फक्त मजले मोजणारा यंत्राचा आवाज येत राहतो आणि एखादी पापणी लवते. पैसे आणि वेळ वाचवण्याची ही युक्ती असेलही, पण त्या दोघींमधील तिटकारा इतका बोलका दुसऱ्या कोणत्याही मार्गाने झाला नसता. उलट ‘डीमन स्लेयर’च्या लढतींमध्ये यूफोटेबल स्टुडिओने डोळे दिपवणारे काम केले आहे आणि तरीही तिची पात्रे आपल्या मनातले सगळे बोलून दाखवत असल्यामुळे प्रेक्षकाला करायला काही उरत नाही, असे माझ्या वहीत लिहिलेले आहे.

‘फ्रीरेन’च्या (2023, पहिला सीझन 28 भाग) पहिल्या भागाविषयी मी सर्वांत जास्त लिहिले. राक्षसराजाचा पराभव करून वीर परतले आहेत, म्हणजे इतर कथा जेथे संपतात तेथे ही सुरू होते. चौघे मिळून उल्कावर्षाव पाहतात आणि हजारो वर्षे जगणारी फ्रीरेन सहज म्हणून जाते की 50 वर्षांनी तो याहून चांगल्या ठिकाणाहून दाखवीन. ती शब्द पाळते. पण तोवर तिचा सोबती हिम्मेल म्हातारा झालेला असतो, आणि तिच्या दृष्टीने मात्र मध्ये फारसा काळ लोटलेलाच नसतो. त्याच्या अंत्यविधीत ती रडते ती त्याला जाणून घेण्याचा प्रयत्नच केला नाही म्हणून. हे सगळे पहिल्याच भागात आटोपते. पुढील भागांत मंत्रपरीक्षेचा टप्पा येतो, तो लोकांना फार आवडतो. मला तो नेहमीच्या स्पर्धाकथेकडे झुकलेला वाटतो.

8. गुणांकन आणि स्पॉयलर यांपासून अंतर ठेवा

संकेतस्थळांवर नंतरच्या सीझनला पहिल्यापेक्षा जास्त गुण दिसले तर दचकू नये. पहिला सीझन ज्यांना आवडला नाही ते दुसऱ्यापर्यंत पोहोचतच नाहीत. उरतात ते चाहते, आणि गुण तेच देतात. म्हणून दोन वेगळ्या मालिकांच्या पहिल्या सीझनची तुलना करण्यापलीकडे हे आकडे फारसे उपयोगी नाहीत.

स्पॉयलर, म्हणजे पुढील कथा आधीच फोडणारी माहिती, टाळायची तर पात्राचे नाव शोधयंत्रात टाकू नये. पुढे सुचवलेले शब्दच त्याचा मृत्यू सांगून टाकतात. काही मालिकांची सुरुवातीची गीतेही पुढील पात्रे आणि लढती दाखवतात, त्यामुळे नवे गीत लागले की पहिल्यांदा ते वगळणे सुरक्षित असते. शेवटचे गीत मात्र वगळू नये. त्यानंतर कधी कधी अर्ध्या मिनिटाचे महत्त्वाचे दृश्य असते आणि स्ट्रीमिंग सेवा पुढचा भाग आपोआप सुरू करून ते गिळून टाकते. सेटिंगमधील ऑटोप्ले पहिल्याच दिवशी बंद करावे.

9. चालू मालिका उशिरा घ्या

नव्या मालिका जानेवारी, एप्रिल, जुलै आणि ऑक्टोबर या चार महिन्यांत सुरू होतात आणि प्रत्येक वेळी त्यांची संख्या इतकी असते की सगळ्यांवर नजर ठेवणे अशक्य आहे. एक किंवा दोनच निवडाव्यात. काही मालिकांचे दोन हप्ते सलग न दाखवता मध्ये तीन किंवा अधिक महिन्यांची विश्रांती घेतात, हेही सुरू करण्यापूर्वी पाहून घ्यावे. बाराव्या भागावर कथा अर्धवट थांबलेली दिसली तर ती मालिका बंद पडली असे समजण्याचे कारण नाही, उरलेल्या भागांची तारीख बहुधा मालिकेच्या अधिकृत संकेतस्थळावर जाहीर केलेली असते.